दस्तयेव्हस्कीच्या कादंबऱ्यांना कर्जाने घडवलं की बिघडवलं?

धागाकर्ता
रशियन कादंबरीकार दस्तयेव्हस्कीचा विषय निघाला की हटकून ऐकू येतं: डोक्यावर कर्ज होतं म्हणूनच लेखनात ती धग आली. मला हे अजिबात पटत नाही. कर्जाने त्याच्या कादंबऱ्यांची बांधणी ढिली केली.

'द इडियट' घ्या. पहिला भाग सकाळी वॉर्साकडून येणाऱ्या गाडीत सुरू होतो. त्याच रात्री नस्तास्या फिलिपोव्हना वर्तमानपत्रात गुंडाळलेलं लाख रुबलचं पुडकं शेकोटीत फेकते, तिथे संपतो. सोळा प्रकरणं, एक दिवस, एकही टाका सैल नाही. दुसरा भाग उघडतो आणि मधले सहा महिने गायब! मॉस्कोत नायक मिश्किन, त्याचा प्रतिस्पर्धी रोगोझिन आणि नस्तास्याचं काय झालं ते आपल्याला उडत्या बातम्यांतून कळतं. डिसेंबर १८६७ मध्ये जिनिव्हात दस्तयेव्हस्कीने आधीचा खर्डा टाकून दिला, पुन्हा पहिल्यापासून लिहायला घेतलं आणि जानेवारीच्या अंकासाठी पहिली प्रकरणं 'रूस्की वेस्तनिक' या मासिकाला धाडली. उचल आधीच घेतलेली होती. पुढचं पक्कं ठरायच्या आत सुरुवात छापून गेली, मग ती बदलणार कशी?

कोरा_कागद
उदाहरण बरोबर, निष्कर्ष उलटा. ज्या भागाची तुम्ही स्तुती करता तोच सगळ्यात घाईत लिहिलेला आहे!

'जुगारी' या कादंबरीचंही तेच. १८६५ मध्ये प्रकाशक स्तेलोव्हस्कीने दस्तयेव्हस्कीला ३००० रुबल दिले आणि अट घातली: १ नोव्हेंबर १८६६ पर्यंत नवी कादंबरी हवी, नाहीतर पुढची ९ वर्षं त्याचं सगळं लेखन फुकट छापण्याचा हक्क प्रकाशकाचा. ऑक्टोबर उजाडला तरी हातात काही नव्हतं. मग २० वर्षांची लघुलेखिका आन्ना स्नित्किना आली. रात्री तो टिपणं काढायचा, दुपारी तिला सांगायचा, ती घरी जाऊन लघुलिपीवरून स्वच्छ प्रत करायची, दुसऱ्या दिवशी तो ती तपासायचा. २६ दिवसांत कादंबरी पुरी. मुदतीच्या दिवशी स्तेलोव्हस्की गावात नाही, म्हणून हस्तलिखित पोलीस ठाण्यात देऊन पावती घेतली. त्या पुस्तकातला दम लागल्यासारखा 'मी' मोठ्याने बोलून लिहिण्यातून आलाय. पुढे आन्नाशी लग्न झाल्यावरही तो तिला सांगूनच लिहीत राहिला.

जुना_खर्डा
दोघंही घाईलाच धरून बसलात. कर्जाचा फास सगळ्यात आवळलेला होता तो १८६५ मध्ये. आदल्या वर्षी बायको आणि भाऊ मिखाइल गेले, भावाच्या मासिकाचं देणं अंगावर आलं. तरी त्या नोव्हेंबरात त्याने 'क्राइम अँड पनिशमेंट'चा बराचसा तयार झालेला मजकूर जाळला. आधी नायक रास्कोल्निकोव्ह स्वतःच 'मी' म्हणून कबुली देत होता, नव्या आराखड्यात निवेदक बाहेरचा आला. रोख पैशांची इतकी निकड असताना लिहिलेलं जाळणारा माणूस कर्जापायी बांधणी सोडतो, हे मी मानणार नाही. 'डेमन्स' कादंबरीतलं नायक स्ताव्रोगिनच्या कबुलीचं प्रकरण गळलं तेही 'रूस्की वेस्तनिक'चा संपादक कात्कोव्हने नाकारल्यामुळे. सावकाराचा तिथे काय संबंध?

धागाकर्ता
@जुना_खर्डा, जाळण्याचा मुद्दा मोठा आहे, मान्य. पण तारीख बघा. जाळलं ते नोव्हेंबर १८६५ मध्ये, पहिला हप्ता छापला गेला जानेवारी १८६६ मध्ये. छपाईआधी जाळता येतं, नंतर नाही. माझी तक्रार नेमकी त्या 'नंतर'बद्दल आहे.

आता 'ब्रदर्स कारामाझोव' बघा. तीही 'रूस्की वेस्तनिक'मध्येच हप्त्यांनी आली. पण १८७३ पासून आन्ना त्याची पुस्तकं स्वतः छापून विकत होती, देणी बरीच फिटली होती. कादंबरी १८७९ मध्ये संपायची होती, संपली नाही. त्याने मासिकातून वाचकांना तसं पत्र लिहून कळवलं आणि नोव्हेंबर १८८० पर्यंत वेळ घेतला. मुदत इतकी लांबवण्याची मोकळीक 'इडियट'च्या वेळी नव्हती. प्रवासात, परक्या देशात, मे १८६८ मध्ये तान्ही मुलगी सोन्या गेल्यानंतरही कादंबरीचे हप्ते पाठवावेच लागले. दुसरा भाग त्याच महिन्यांतला आहे.

कोरा_कागद
सोन्याचं दुःख आणि कर्ज एकाच खात्यात मांडू नका. आणि ते सहा महिने झाकलेले आहेत म्हणूनच रोगोझिनच्या अंधाऱ्या घरातल्या भेटीला धार येते. मिश्किन बोलता बोलता टेबलावरचा चाकू उचलतो, रोगोझिन तो काढून घेतो, पुन्हा तेच घडतं. मॉस्कोत काय झालं ते आधी सविस्तर सांगितलं असतं तर त्या चाकूकडे आपण इतकं निरखून पाहिलं असतं का?

धागाकर्ता
चाकूचं प्रकरण अप्रतिम आहे, त्यात वाद नाही. पण ते दुसऱ्या भागाचं तिसरं प्रकरण. त्या भागाचं पहिलं प्रकरण आणि पहिल्या भागाचं शेवटचं लागोपाठ वाचा, मग बोलू.