मदत हवी आहे: त्या दोघींच्या कार्टूनचं गाणं कुठे मिळेल?

निळीशाई:
शनिवारी धाकट्या बहिणीचं केळवण आहे. लहानपणी आम्ही दोघी ज्या गाण्यावर सोफ्यावर उड्या मारायचो ते लावायचंय. यूट्यूबवर नुसते तुकडे मिळतात, तेही मध्येच संवाद असलेले. पूर्ण गाणं हवंय. प्लीज लवकर सांगा.

खारीबिस्किट:
कुठलं कार्टून? साल, चॅनल, काहीतरी द्या की!

निळीशाई:
अहो, एक गुलाबी केसांची, एक जांभळ्या. बँड आहे, बसमधून फिरतात. कार्टून नेटवर्क.

रानपाखरू:
हाय हाय पफी अमियुमी!! केसात फूल माळलेली आमी, गिटारवाली युमी आणि कायम पैशांच्या मागे असणारा मॅनेजर काझ. शाळेतून आलं की दप्तर टाकून आधी तेच.

अण्णा_डोंबिवली:
ॲनिमे आहे ते, म्हणजे जपानमध्ये काढलेलं कार्टून. मूळ जपानी भाग शोधा.

खारीबिस्किट:
अण्णा, ॲनिमे नाही हो. सॅम रजिस्टरने अमेरिकेत काढलेलं कार्टून, २००४ चं. बँड मात्र खराखुरा जपानी. आमी ओनुकी आणि युमी योशिमुरा १९९६ पासून गातायत. कार्टूनच्या आधी-नंतर ज्या दोघी प्रत्यक्ष दिसायच्या, त्या याच.

अण्णा_डोंबिवली:
बँड जपानी, नावं जपानी, म्हणजे जपानीच म्हणायचं. असो. आमच्याकडे केळवणाला उखाण्यांची स्पर्धा ठेवली होती, फार रंगली. यादी पाठवू का?

रानपाखरू:
निळीशाई, कार्टूनच्या नावाने शोधलंत तर तुकडेच मिळणार. बँडच्या नावाने शोधा. जपानात त्या नुसत्या 'पफी', अमेरिकेत पफ डॅडी या रॅपरशी गोंधळ नको म्हणून 'पफी अमियुमी'. कार्टूनच्याच नावाचा २००४ चा अल्बम आहे, त्यात शीर्षकगीत पूर्ण आहे.

निळीशाई:
ऐकलं, हे नाही. आमच्या गाण्यात जोरात एक-दोन-तीन-चार मोजतात. आवाज याच दोघींचा, शंभर टक्के!

खारीबिस्किट:
मग ते 'टीन टायटन्स'चं. रॉबिन, हिरवा बीस्ट बॉय, आठवतंय? २००३ पासूनचं कार्टून, पण गाणं याच दोघींनी गायलंय, इंग्रजीत आणि जपानीतही. अँडी स्टर्मरने लिहिलंय. त्याच अल्बममध्ये अगदी शेवटी बघा.

निळीशाई:
हेच!!! खूप खूप आभार. आता जपानी पण हवंय, ती तेच मोठ्याने म्हणायची.

अण्णा_डोंबिवली:
निळीशाई, उखाणे तुमच्या विपूत (विचारपुशीत) टाकलेत, बघा.