मॉफ्टू: पायलट घडवणारी शाळा की पोरांच्या जिवावरचा जुगाड?

ओझरकर:
सप्टेंबर 2025 ला चंदीगडमध्ये मिग-21 ला निरोप दिला तेव्हा सगळ्यांनी स्टेटस ठेवले, पण तेजपूरच्या मॉफ्टूबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. मिग ऑपरेशनल फ्लाइंग ट्रेनिंग युनिट, 1986 ला आसामात सुरू झालं, किरण या हळू ट्रेनर जेटवर शिकून आलेली विशीतली पोरं इथे पहिल्यांदा सुपरसॉनिक विमानात बसायची. आता युनिटही नाही आणि ती टाइप 77 (मिग-21 एफएल) विमानंही नाहीत (आमच्या ओझरच्या एचएएलमध्ये बनायची ती, म्हणून जरा जास्तच जीव). तरी स्पष्ट बोलतो, हे युनिट काढायलाच नको होतं. लूना शिकलेल्या पोराला थेट घाटात एसटी चालवायला देण्यातला प्रकार होता हा.

निवृत्त एअरमन:
ओझरकर, उडी मोठी होती हे मान्य, पण मग करायचं काय होतं? स्क्वाड्रन सगळ्या मिगच्या, पायलट तर लागणारच, आणि मधल्या पायरीचं विमानच नाही. मॉफ्टू नसतं तर हीच पोरं थेट स्क्वाड्रनमध्ये जाऊन शिकली असती, इथे निदान शिकवणं हेच काम होतं. ॲडव्हान्स्ड जेट ट्रेनर घ्या असं वायुसेनेच्या ला फाँटेन कमिटीने 1982 लाच सांगितलेलं. त्यासाठी घेतलेल्या हॉक विमानांचा करार कधी झाला? 2004. बिदरला विमानं कधी आली? 2008. शिव्या घालायच्या तर दिल्लीतल्या फायलींना घाला.

डेल्टाविंग:
फायली दिल्लीत होत्या हो साहेब, पण कॉकपिटमध्ये कोण होतं? टाइप 77 टेकायचं ताशी 340 किमीच्या आसपास, किरण त्याच्या साधारण निम्म्या वेगात. त्यात डेल्टा म्हणजे त्रिकोणी पंख, लँडिंगला येताना वेग जरा पडला की विमान खाली बसायला लागतं, घाबरून थ्रॉटल पुढे ढकललं तरी ते जुनं इंजिन लगेच उचल खात नाही, आणि जमीन तर समोर आलेलीच. टू-सीटरमध्ये मागे बसलेल्या इन्स्ट्रक्टरला पुढचं धड दिसायचं नाही, म्हणून तर पुढच्या टू-सीटरना मागच्या सीटसाठी पेरिस्कोप बसवला. 2012 ला तेव्हाचे संरक्षणमंत्री अँटनींनी संसदेत सांगितलं, 872 मिगपैकी 482 अपघातात, 171 पायलट गेले. अजून काय पुरावा पाहिजे?

निवृत्त एअरमन:
तो आकडा सगळ्या मिगचा आहे, 1971-72 पासूनचा. मॉफ्टूच्या नावावर नका खपवू.

चहा कमी साखर:
मध्येच विचारतो, बंगालमधल्या कलाईकुंडा तळावर हंटर या जुन्या ब्रिटिश फायटरवर ट्रेनिंग चालायचं ना? सगळ्यांना आधी तिथे का नाही पाठवलं?

निवृत्त एअरमन:
हंटर आपल्याकडे 1957 पासूनचे, म्हातारी विमानं ती. किती जणांना पुरणार?

ओझरकर:
एअरमन साहेब, तुमचीच गोष्ट पुढे नेतो. मधलं विमान नव्हतं म्हणून युनिट काढलं, बरोबर? आणि युनिट कसंबसं चालतंय, दरवर्षी पायलट बाहेर पडतायत, म्हणून विमान घ्यायची घाई कोणालाच नव्हती. वायुसेनेने 1986 लाच ठणकावून सांगायला पाहिजे होतं की ट्रेनर द्या, नाहीतर मिगला नवीन पायलट मिळणार नाहीत. बावीस वर्षं कोणी झोपलं नसतं मग. पण आपल्याकडे जुगाड जमला की त्यालाच सिस्टिम म्हणायचं.

डेल्टाविंग:
+1. आणि शेवटी काय झालं बघा, 2009 ला तेजपूरला सुखोई आली, डिसेंबर 2013 ला कलाईकुंड्याला टाइप 77 पण निवृत्त. तेव्हा बातम्या सगळ्या विमानाच्या, त्यावर शिकताना गेलेल्या पोरांबद्दल दोन ओळी नाहीत.

निवृत्त एअरमन:
दोन ओळी नाहीत हे मलाही लागतं. पण ओझरकर, वायुसेनेने अशी धमकी द्यायची आणि तोवर सीमेवर काय न्यायचं, किरण? 1999 ला कारगिलमध्ये मिग-21 पण उडाले. त्यातली तरुण मंडळी कुठे शिकून आली होती असं वाटतं तुम्हाला?