मदत हवी आहे: जाणिवेचा काल्पनिक सिद्धांत लहान मेंदूपाशी अडलाय

नमस्कार मंडळी. 2090 सालातल्या परभणीवर विज्ञानकथा लिहितोय. (जगात जर्मनी, भारतात परभणी, मग असा शोध इथं का लागू नये?) कथेतली संशोधक सिद्ध करते, की जाणीव मेंदूच्या पेशींत नसते, दोन संदेशांच्या मधल्या वेळेत असते.

घोडं अडलंय लहान मेंदूपाशी (डोक्याच्या मागच्या बाजूला, खाली असलेला भाग, cerebellum). मेंदूतल्या सुमारे 86 अब्ज चेतापेशींपैकी जवळपास 69 अब्ज तिथंच आहेत, आणि हालचालींची अचूक वेळ साधणं हे त्याचं एक मुख्य काम. तरी तो निकामी झाला तर तोल जातो, बोलणं अडखळतं, पण जाणीव शाबूत राहते. माझ्या सिद्धांताप्रमाणे तीच आधी जायला हवी! मेंदूशास्त्रज्ञ जुलिओ तोनोनी यांचा जाणिवेबद्दलचा 2004 चा सिद्धांत यातून सुटतो, कारण तिथं माहिती एकत्र गुंफली जाणं महत्त्वाचं, आणि लहान मेंदूचे भाग बरेचसे सुटेसुटे काम करतात. तीच अट मी उचलली तर माझं वेगळं काय उरलं?

'आत्मा' वगैरे उत्तरं सध्या नकोत, त्यासाठी घरी आजोबा आहेत. लातूर, नांदेड, अंबाजोगाईकडचे कुणी भूलतज्ज्ञ इथं असतील तर सांगा: भूल चढताना मेंदूतले संदेश थांबतात, की फक्त त्यांचा ताळमेळ सुटतो? दुसरं खरं असेल तर कथा तरते.