अनुभव धागा: खिसा रिकामा, गाण्यात चांदीचं मखर

गाणी, लावण्या, ओव्या रचणाऱ्यांनो, ओढाताणीच्या दिवसांत कल्पनेनं कसं तारलं ते लिहा. सुरुवात मी करते. १९९६ साली डोंबिवलीत भाड्याच्या खोलीत बसून गणपतीच्या कॅसेटसाठी गाणी लिहायचे. गाण्याला पाचशे रुपये आणि सगळे हक्क सोडल्याच्या कागदावर सही. वाण्याच्या बिलाची मागची बाजू ही माझी वही. उधारी वाढली की गाण्यातलं मखर मोठं व्हायचं. एकवीस मोदकांचं गाणं लिहिलं तेव्हा घरात गूळ नव्हता.

*

मी तमाशाच्या फडाचा वगलेखक, खेळातलं नाट्य लिहिणारा. पाडव्याच्या आधी नारायणगावला राहुट्या लागतात, गावोगावची मंडळी येऊन जत्रेच्या सुपाऱ्या देतात. त्यावर वर्षाची उचल फिटते, फिटली तर. आमच्या मालकाच्या डोक्यावर सावकाराची उचल, माझ्या डोक्यावर मालकाची. नवी गवळण हवी होती. कृष्ण वाट अडवून दान मागतो, तिथं मी त्याच्या तोंडी सावकाराची बोली घातली: "मुद्दल असू दे गं, व्याज तेवढं ठेवून जा." गवळणींबरोबरची मावशी विचारते, "आणि दूध नासलं तर त्याचंबी व्याज लावशील व्हय रं?" खेळाला सावकार पहिल्या रांगेत. हसून हसून डोळे पुसले, शंभराची दौलतजादा केली. ओळखलं नाही, की ओळखून हसला? व्याज मात्र सोडलं नाही.

*

फडाचा विषय निघालाच आहे म्हणून. पठ्ठे बापूरावांनी लावण्यांवर महाराष्ट्र डोलवला आणि १९४५ साली पुण्यात गेले ते हलाखीत. हेच ऐकवून वडिलांनी मला बँकेत चिकटवलं. लावण्या मी कॅश मोजून झाल्यावर लिहितो.

*

धागाकर्तीच्या पाचशे रुपयांवरून: २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर गीतकाराचा रॉयल्टीतला वाटा असा लिहून घेता येत नाही. नव्या लोकांनो, सही करण्याआधी कागद वाचा. कल्पना गाण्यात लढवा, करारात नको.

*

मी लिहीत नाही, आजीचं सांगते. ती लोकांचं दळण दळायची आणि जात्यावर ओव्या रचायची. दर पंचमीला तिच्या ओवीत भाऊराया घोड्यावरून यायचा. खणाचा काठ किती बोटं रुंद, घोड्याला पाणी कुठल्या हौदावर पाजलं, सगळं त्यात असायचं. मोठी झाल्यावर मी आईला विचारलं, हा मामा आपल्याकडे कधीच कसा आला नाही?

आजीला भाऊ नव्हता.