‘मॅलिंगरिंग’ला मराठीत काय म्हणावं? सोंग, ढोंग, बतावणी की आणखी काही?

कोरा_कागद:
कारागृहातल्या समुपदेशकांसाठी न्यायवैद्यक मानसशास्त्राची एक पुस्तिका मराठीत होते आहे. गाडी ‘मॅलिंगरिंग’च्या प्रकरणात अडली आहे. शिक्षा टाळायला, बराकीतून दवाखान्यात हलायला किंवा झोपेच्या गोळ्या मिळवायला एखादा आजाराची लक्षणं मुद्दाम दाखवतो, ते. पहिल्या खर्ड्यात सगळीकडे ‘सोंग’ होतं. संपादकांनी ते खोडून ‘मिथ्यारुग्णता’ केलं. म्हणे सोंग हा बोलीतला शब्द, अहवालात शोभत नाही. आता वाक्य असं झालंय: ‘बंद्यामध्ये मिथ्यारुग्णता आढळून आली.’ लघवीत साखर आढळून आली, तसं वाटतं वाचताना. दुसरा शब्द सुचवा.

मुद्रितशोधक:
संपादकांचं बरोबर आहे. परिभाषेला असा शब्द लागतो ज्याच्यापासून पुढचे शब्द पाडता येतात. मिथ्यारुग्ण, मिथ्यारुग्णता, मिथ्यारुग्णताचाचणी. सोंगापासून काय पाडणार? ‘आरोपी सोंगाड्या आहे’ असं न्यायालयाला कळवणार का?

वॉर्ड_क्र_सात:
शब्द पाडता येतात म्हणून शब्द बरोबर ठरत नाही. ‘-ता’ लावलं की ती अवस्था होते, आणि मॅलिंगरिंग ही अवस्था नाही, कृती आहे. डीएसएम-५ मध्ये, म्हणजे अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या निदानपुस्तकात, तो विकारांच्या यादीत नाहीच. ज्याकडे लक्ष द्यावं लागतं पण जो आजार नाही, अशा गोष्टींत तो टाकलाय. अटी दोन: लक्षणं जाणूनबुजून दाखवलेली असावीत आणि त्यातून बाहेरचा काही फायदा साधायचा असावा (खटला, शिक्षा, पैसा, औषध). दुसरी अट गळाली, म्हणजे माणूस फक्त ‘रुग्ण’ म्हणून जपलं जाण्यासाठी स्वतःला आजारी दाखवतोय, तर तो फॅक्टिशियस डिसऑर्डर. तो मात्र विकार आहे. मिथ्यारुग्णता हा शब्द तिकडे जास्त बसेल. एकच शब्द दोघांना वापरलात तर पुस्तिका वाचणारा समुपदेशक उपचार लागणाऱ्या माणसाला खोटारडा ठरवून मोकळा होईल.

तळटीप:
मूळ शब्दाची गंमत बघा. फ्रेंच ‘मालँग्र’ म्हणजे खराखुरा आजारी, किडकिडीत. पलटणीत कवायत चुकवणाऱ्यांना तो चिकटला आणि अर्थ बरोबर उलटा झाला. आपलं सोंग ‘स्वांग’वरून आलं असं मानतात, म्हणजे अंगावर घेतलेलं रूप. बोहाड्यात देवांची सोंगं नाचवतात, त्यात फसवणूक कुठे आहे? बघणाऱ्याला माहीत असतं की हे सोंग आहे. त्यामुळे माझं मत ‘ढोंग’ला.

फिर्यादी_पक्ष:
ढोंग नको हो. ढोंग नीतीचं असतं: ढोंगी साधू, ढोंगी पुढारी. लक्षणांचं आपण सोंगच ‘आणतो’ किंवा ‘घेतो’. सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, यातलं सोंग फसवण्यासाठीच आहे की! भाषेत आधीच छान वाटण्या झालेल्या आहेत. नसलेलं दाखवायचं ते सोंग. बरं नसताना बरं असल्याचं दाखवायचं तो आव. आपणच मारून आपल्यालाच लागल्याचा आरडाओरडा तो कांगावा. बोलून भासवायची ती बतावणी. तुमच्या शास्त्रात या चारींना वेगळे शब्द आहेत का?

वॉर्ड_क्र_सात:
‘आव’ला आहे, डिसिम्युलेशन, आणि तो न्यायवैद्यकात फार महत्त्वाचा. सुटका किंवा पॅरोल जवळ आला की कानातले आवाज ‘बंद झालेत’ म्हणून सांगणारे भेटतात. सोंगाची सगळे चर्चा करतात, आवाची कुणी नाही, खरं तर धोका त्यात जास्त.

सोंगाच्या आतही तीन जाती करतात, त्यांना शब्द हवेत. एक, आजार मुळात नाहीच: निव्वळ सोंग. दोन, आजार आहे पण फुगवून सांगतोय. तीन, लक्षणं खरी आहेत पण कारण खोटं जोडतोय, म्हणजे जुन्या दुखण्याचं खापर कोठडीतल्या मारहाणीवर किंवा अपघातावर. दुसरी जात नेहमीची, आणि घोळ तिथेच होतो. खरा स्किझोफ्रेनियाचा रुग्ण कोर्टासमोर आणखी दोन लक्षणं वाढवून सांगतो. तपासणारा ती दोन पकडतो आणि ‘सोंग’ असा एक शब्द लिहून आजारासकट सगळं निकालात काढतो.

तळटीप:
फुगवटा आणि खापर. पुस्तिकेत घ्या, नोंद करतो.

मुद्रितशोधक:
‘रुग्णाने खापर केले’ असं छापणार? विनोदी मासिक काढताय की पुस्तिका? आणि पहिल्या प्रश्नाचं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही.

कोरा_कागद:
तेच म्हणतोय. बरं, संपादकांचा आणखी एक मुद्दा आहे: ‘सोंग’ म्हटलं की माणसावर आरोप होतो, ‘मिथ्यारुग्णता’ तटस्थ वाटते. त्यात तथ्य आहे का?

वॉर्ड_क्र_सात:
अर्धं. आरोप ‘मिथ्या’तही आहेच, फक्त संस्कृतात. खरा प्रश्न असा की चाचणीतून नेमकं काय सिद्ध होतं आणि अहवालात काय लिहिलं जातं.

स्मरणशक्ती गेल्याचं सांगणाऱ्यासाठी टॉम ही चाचणी घ्या. ५० साधी रेखाचित्रं, एकेक तीन सेकंद दाखवायची. मग दोन-दोन चित्रं समोर ठेवून विचारायचं, आधी कोणतं पाहिलंत? दिसते अवघड, असते फार सोपी. डोळे मिटून बोट ठेवलं तरी ५० पैकी २५ च्या आसपास बरोबर येतात. दुसऱ्या फेरीत ४५ पेक्षा कमी आले तर शंका घ्यायची. १८ च्या खाली गेले तर नुसत्या नशिबाने इतकं चुकणं कठीण. बरोबर चित्र ओळखून मुद्दाम दुसऱ्यावर बोट ठेवल्याशिवाय सहसा होत नाही. (चित्रं कोणती ते इथे विचारू नका, चाचणीचा जीव त्यातच आहे.)

आता ४५ आणि १८ यांच्या मधलं काय? त्यातून एवढंच कळतं की प्रयत्न पुरेसा दिसला नाही. का दिसला नाही ते चाचणी सांगत नाही. डिमेन्शिया असेल, बौद्धिक अक्षमता असेल, आदल्या रात्रीचा गोळीचा अंमल असेल, पोलिसांनी चार तास बाकावर बसवून ठेवलेलं असेल. म्हणून अहवालात ‘प्रयत्न अपुरा दिसला’ असं लिहायचं. ‘सोंग’ हा निष्कर्ष; तो एका चाचणीवरून काढायचा नाही. मुलाखत, जुने कागद, नातेवाईक आणि वॉर्डातली नोंद, सगळं एका दिशेला बोट दाखवत असेल तरच.

फिर्यादी_पक्ष:
वॉर्डातली नोंद म्हणजे काय काय?

वॉर्ड_क्र_सात:
झोप, जेवण, अंघोळ, इतर बंद्यांशी बोलणं, आणि डॉक्टरांची फेरी नसताना काय चालतं ते. सोंग घेणारा प्रेक्षक असला की रंगतो. त्याला आवाज ‘सतत’ येतात. खऱ्या रुग्णाचे बहुधा अधूनमधून येतात आणि ते कमी व्हावेत म्हणून तो काहीतरी युक्ती करत असतो, कुणाशी बोलत बसतो, कुणी रेडिओ मोठा लावतो. सोंगाला भ्रम आणि आवाज जमतात, पण चेहऱ्यावरची मरगळ, बोलण्यातला कोरडेपणा आठवडाभर धरून ठेवता येत नाही. मुलाखत लांबवतात ती म्हणूनच. लक्षण आपण सुचवायचं नाही, आधी मोकळा प्रश्न. आणि तो जे बोलेल ते त्याच्याच बोलीत उतरवायचं. ‘डोक्यात किडं वळवळत्यात’ हे ‘डोकेदुखीची तक्रार’ म्हणून लिहिलंत तर पुरावा गेला.

चाळणीसाठी एम-फास्ट असते, २५ प्रश्न, ६ किंवा जास्त गुण आले तर सविस्तर तपासणीला पाठवायचं. फक्त सविस्तर तपासणीला! तिथेच ‘सोंग’ लिहिणारे आहेत.

तळटीप:
या प्रश्नावल्यांचं मराठीकरण हाच वेगळा धागा आहे. ‘दुसरी शक्ती तुमच्या शरीराचा ताबा घेते का?’ असं विचारलं तर आपल्याकडे निम्मा तालुका हो म्हणेल. अंगात येतं, देवीचं वारं येतं, भानामती होते.

वॉर्ड_क्र_सात:
अगदी. दुर्मीळ लक्षणाला ‘हो’ म्हटलं की गुण वाढतो. जे तिकडे दुर्मीळ ते इकडे दर पौर्णिमेला. इथल्या लोकांवर घासून न घेतलेली चाचणी वापरली की अंगात येणारी बाई सोंगात मोजली जाते. तीच गत डीएसएमच्या इशाऱ्यांची. चार इशारे दिलेत, त्यातला पहिलाच ‘प्रकरण कायद्याशी संबंधित असणं’. कारागृहातून आलेला प्रत्येक माणूस तो आल्या आल्या पुरा करतो. मग असहकार धरला, समाजविघातक व्यक्तिमत्त्वाचा शिक्का धरला, की कसलीही तपासणी न करता तीन झाले.

पेडगावकर:
एवढी चर्चा झाली आणि कुणाला ‘वेड पांघरणे’ आठवलं नाही? वेड पांघरून पेडगावला जाणे! मॅलिंगरिंगला याहून नेमका शब्दप्रयोग जगात नसेल. पेडगावच्या बहादूरगडावर मोगलांचा सरदार बहादूरखान होता. मराठ्यांच्या एका तुकडीने हल्ल्याचा आव आणून पळ काढला, खान मागे धावला, आणि दुसऱ्या तुकडीने मोकळा तळ लुटला. तिथून म्हण आली.

तळटीप:
या कथेत वेड कुणीच पांघरत नाही. हूल देतात. ‘हूल देऊन पेडगावला’ अशी म्हण असती तर मानलं असतं. वेडला यमक पेड, म्हणून पेडगाव, एवढंच असावं.

पेडगावकर:
यमकासाठी पेडगावच का मग? खेडगाव नाहीत का महाराष्ट्रात?

फिर्यादी_पक्ष:
‘पांघरलेलं वेड’ शब्द म्हणून झकास आहे, पण कायद्यात ‘वेड’ येत नाही. तिथे ‘मनोविकल’. भारतीय दंड संहितेचं ८४ आता भारतीय न्याय संहितेचं २२. प्रश्न एवढाच: कृत्य करतेवेळी मनोविकलतेमुळे कृत्याचं स्वरूप, किंवा ते चूक अथवा बेकायदा आहे, हे समजण्याची क्षमता नव्हती का? १८४३ च्या मॅकनॉटन खटल्यातून आलेली कसोटी. वैद्यकातला आजार सिद्ध झाला म्हणून कायद्यातली मनोविकलता सिद्ध होत नाही. आणि आज खटला समजतोय का, बचाव करता येतोय का, हा संपूर्ण वेगळा प्रश्न. नागरिक सुरक्षा संहितेची कलमं ३६७ आणि ३६८. आज मनोविकल असलेला तेव्हा शुद्धीत असू शकतो, उलटही. सोंगाची शंकासुद्धा दोन्हीकडे वेगळी तपासावी लागते, कारण तेव्हाचं सोंग आज कसं बघणार? तिथे साक्षीदार, कृत्याआधी आणि नंतर तो कसा वागला, लपवाछपवी केली का, हेच हाताशी राहतं.

तळटीप:
आणि गान्झर? या जर्मन मनोविकारतज्ज्ञाने कारागृहातल्या माणसांवरूनच १८९८ मध्ये वर्णन केलेलं लक्षण. गाईला पाय किती? पाच. दोन अधिक दोन? पाच. प्रश्न कळलाय हे उत्तरावरूनच दिसतं, पण उत्तर एका घराने चुकतं. गान्झरने ते हिस्टेरियाच्या घरात टाकलं, बरेच जण सोंग मानतात. त्याला ‘हुकलेलं उत्तर’ म्हणावं का?

मुद्रितशोधक:
सन्निकट-उत्तर.

तळटीप:
तुम्हाला दोन अधिक दोन विचारायला हवं.

कोरा_कागद:
मंडळी, आज मजकूर पाठवायचा आहे. सध्या असं केलंय: प्रकरणाचं शीर्षक ‘लक्षणांची बतावणी’, आत निव्वळ सोंग, फुगवटा, खापर आणि आव, अहवालाच्या नमुन्यात ‘प्रयत्न अपुरा’. चालेल?

मुद्रितशोधक:
बतावणी तमाशात गौळणीनंतर येते. सोंग बोलीतलं म्हणून काढलं आणि बतावणी ठेवली?

वॉर्ड_क्र_सात:
बतावणी फक्त बोलून होते. जो बोलतच नाही, भिंतीकडे तोंड करून चार दिवस बसतो, त्याची कसली बतावणी?

पेडगावकर:
पांघरलेलं वेड.

फिर्यादी_पक्ष:
एक राहिलं. खटला चालू असेल तर मजकुरात कुठेही ‘गुन्हेगार’ जाऊ देऊ नका. न्यायाधीन बंदी. शिक्षा लागली की सिद्धदोष बंदी.

मुद्रितशोधक:
हो, आणि वर ‘बंद्यामध्ये’ असं लिहिलंय. ‘बंदीमध्ये’ केलं तर मनाईचा अर्थ होतो, ‘बंद्यामध्ये’ केलं तर ते एकवचन की अनुस्वार राहून गेलेलं अनेकवचन, कळत नाही. यावर कुणाचं काय मत?