शब्दचर्चा : फ्रेंच 'ग्रेफ'ला मराठीत काय म्हणावे?

प्रश्न : मॉरिस रनार यांच्या 'डॉक्टर लेर्न' (१९०८) या फ्रेंच कादंबरीतली काही पाने हौसेने मराठीत आणतो आहे. आर्देनच्या रानातल्या वाड्यात राहणारा डॉक्टर, त्याच्याकडे आलेला भाचा निकोला, आणि बंद दारांआड चाललेले प्रयोग. 'ग्रेफ' हा शब्द पदोपदी येतो. मी 'प्रत्यारोपण' लिहिले, पण वाचताना एखाद्या हॉस्पिटलचे माहितीपत्रक वाचतोय असे वाटते. दुसरा शब्द आहे का?

उत्तर : आहे, आणि आपल्या परसातलाच आहे. 'कलम' लिहा.

फ्रेंचमध्ये झाडाचे कलम आणि माणसाच्या अवयवाचे रोपण, दोन्हींना 'ग्रेफ'च म्हणतात. रनार यांनी याच एका शब्दावर गोष्ट चढवत नेली आहे. निकोला आधी काचघरात शिरतो, तिथे झाडांवर प्राण्यांचे अवयव जोडलेले दिसतात, आणि मग प्रकरण माणसाच्या मेंदूपर्यंत जाते. 'प्रत्यारोपण' लिहिलेत तर काचघरापासून शस्त्रक्रियेच्या टेबलापर्यंतची ही वाट मधेच तुटते.

व्युत्पत्ती पाहून तर मी थक्क झालो. 'ग्रेफ' आला लॅटिन 'ग्राफियुम'वरून, म्हणजे मेणाच्या पाटीवर लिहायची टोकदार लेखणी. तासलेली काडी तशी दिसते म्हणून ते नाव. आपले 'कलम' अरबी-फारसीतून आले, तेही मुळात बोरूच. शिवाय फ्रेंचमध्ये कोर्टाच्या दप्तरखान्यालाही 'ग्रेफ' म्हणतात, आणि आपल्याकडे कायद्याचे कलम असतेच! लेखणी, झाड आणि कोर्ट, तिन्ही ठिकाणी दोन्ही शब्द शेजारी उभे.

प्रश्न : पण वाचकाला आंबाच आठवेल ना?

उत्तर : आठवू दे, तेच हवे आहे. आमचे काका कोकणात कलमे बांधायचे. रायवळ कोयीचे रोप हा खुंट. त्याला चीर द्यायची, हापूसची काडी पाचरीसारखी तासून त्यात बसवायची, वरून पट्टी घट्ट गुंडाळायची. तांबूस पालवी फुटली की काका म्हणायचे, "जीव धरला." मुळे रायवळाची, पण फळ हापूसचे.

लेर्नच्या गोष्टीचे मर्म हेच आहे. (कादंबरी वाचायची असेल त्यांनी हा परिच्छेद सोडावा.) लेर्नचे शरीर हा नुसता खुंट आहे, आत मेंदू बसला आहे त्याच्या सहायकाचा, ओटो क्लोट्झचा. निकोलाचा मेंदूही पुढे बैलाच्या शरीरात जातो. प्रत्येक ठिकाणी फळ काडीचे. मराठी वाचकाला हे समजावून सांगावे लागणार नाही. 'खुंट' आणि 'काडी' हे दोन शब्द बेधडक वापरा.

प्रश्न : शीर्षकात पुढे 'सू-दिय' आहे. 'उपदेव' चालेल?

उत्तर : मला नाही पटत. 'सू' म्हणजे खालचा, आपल्या उपसरपंचातला 'उप'. पण 'उपदेव' म्हटले की यक्ष-गंधर्व डोळ्यांपुढे येतात, आणि त्यांना देवाशी स्पर्धा करायची नसते. लेर्नला करायची आहे. प्रतिसृष्टी उभारणारा विश्वामित्र जवळचा वाटतो, पण तो तपाचे बळ घेऊन येतो. लेर्नच्या हातात फक्त सुरी. मी तरी 'देवाच्या हाताखालचा' असे साधे लिहीन.