'वव्ह'ला मराठीत काय म्हणाल?

उंबरठा: एका दिवाळी अंकासाठी लेख भाषांतरित करतेय, आणि अडलेय ती बाटलीवरच्या नावाशी. वव्ह क्लिको. वव्ह म्हणजे फ्रेंचमध्ये विधवा. रँस शहरातली बार्ब-निकोल पाँसार्दां, जन्म १७७७. नवरा फ्रांस्वा क्लिको १८०५ मध्ये गेला तेव्हा सत्तावीस वर्षांची. शँपेनची पेढी पुढे तिनेच चालवली, तीही 'वव्ह' हे नाव लावून. मी 'विधवा क्लिको' लिहिलं, तर संपादकांनी 'अभद्र वाटतं' म्हणून 'श्रीमती' केलं.

काथ्याकूट: श्रीमती नकोच! सगळी मेख त्या शब्दात आहे. १८०४ च्या नेपोलियनच्या कायद्यात लग्न झालेल्या बाईला नवऱ्याला विचारल्याशिवाय व्यवहार करता येत नसे. विधवेला ती आडकाठी नव्हती. बाटलीवरचा 'वव्ह' म्हणजे रडगाणं नव्हे, सहीचा अधिकार आहे.

पोथीवाला: मग 'गं. भा. क्लिको' करा की :)

मावळतीचं_ऊन: हसू नका. आजीच्या नावाने पत्रिका आली की ती आधी ते 'गं. भा.' नखाने खरवडायची आणि मग पत्रिका देवापुढे ठेवायची. मराठीत त्या दोन अक्षरांनी सहीचा अधिकार कुणाला दिला?

पोथीवाला: शब्द मूळचा वाईट नाही. वि + धव, धव म्हणजे नवरा.

काथ्याकूट: उलट आहे. 'विधवा' आधीचा, त्याची फोड करून 'धव' मागाहून काढला, असं भाषाशास्त्रज्ञ मानतात. लॅटिन विदुआ, त्यावरून फ्रेंच वव्ह, रशियन व्दोवा, फारसीतून आलेली आपली बेवा, सगळ्या एकाच घरातल्या. म्हणजे 'विधवा क्लिको' हे भाषांतरसुद्धा नाही, बहिणीला हाक मारणं आहे.

डोहाळे_जेवण: नाव तसंच ठेवा ना. १८१४ मध्ये युद्धकाळातली व्यापारबंदी उठायच्या आतच तिने दहा हजारांवर बाटल्या रशियाकडे रवाना केल्या. तिथले लोक नुसतं 'क्लिकोव्स्कोए' म्हणायला लागले.

पोथीवाला: आणि शँपेनला 'फेसाळ द्राक्षासव' लिहा.

डोहाळे_जेवण: द्राक्षासव आमच्याकडे भूक लागावी म्हणून देतात. दोन चमचे, जेवणानंतर.

उंबरठा: आणखी एक. बाटलीत यीस्टचा जो साका राहतो, तो काढायला हिने १८१६ च्या सुमारास टेबलाला तिरकी भोकं पाडली, बाटल्या मान खाली करून त्यात खोवल्या आणि रोज थोड्या थोड्या फिरवल्या. साका बुचाशी जमला की बूच उडवायचं, तेवढाच बाहेर. इथे 'साका' चालेल?

पोथीवाला: नाही. साका तळाशी बसतो. हा मानेशी आहे. गाळ म्हणा.

मावळतीचं_ऊन: गाळ विहिरीत. काढ्याला साका. बाटली उलटी केल्यावर मान हाच तळ नाही का?

पोथीवाला: पातेलं पालथं घातलं म्हणून झाकण तळ होत नाही.

डोहाळे_जेवण: तूप कढवल्यावर खाली राहते ती बेरी पण साकाच म्हणायची का मग?

मावळतीचं_ऊन: बेरी खातात. साखर घालून. साका कोण खातं?

उंबरठा: अहो, आणि वव्हचं काय ठरलं? शुक्रवारी मजकूर द्यायचाय.

पोथीवाला: थांबा हो जरा. बेरी स्त्रीलिंगी, साका पुल्लिंगी, हे कसं?